आगगाडीतली ‘आग’ आणि झुकझुकीचे चार ठोके

प्रश्न असा आहे: गाडी चालायची वाफेवर, मग मराठीत ‘वाफगाडी’ न म्हणता ‘आगगाडी’ का म्हणतात? आणि ‘झुकझुक’ हा पोरांसाठी केलेला आवाज, की त्यामागे काही आहे?

आधी ‘आग’. आपल्याकडे आगबोट गाडीच्या बरीच आधी आली. मुंबईत बांधलेली ‘ह्यू लिंडसे’ १८३० साली सुएझपर्यंत गेली, तर बोरीबंदरहून ठाण्याला गाडी सुटली १६ एप्रिल १८५३ रोजी. तेव्हा ‘आगबोट’च्या साच्यातून ‘आगगाडी’ निघाली असावी, असे मला वाटते. गुजरातीतही ही जोडी अशीच आहे. मल्याळममधली ‘तीवंडी’ म्हणजेही आगीचीच गाडी. तमिळ ‘पुगैवंडी’ आणि तेलुगू ‘पोगबंडी’ यांच्या नजरेत धूर भरला, वाफ पकडली ती कानडीतल्या ‘उगिबंडी’ने. चिनी लोकही आग-गाडीच म्हणतात. जपानी ‘किशा’ मात्र वाफगाडी, आणि गंमत म्हणजे तीच दोन चिन्हे चिनीत मोटारीसाठी वापरतात. ‘अग्निरथ’ हा आपला भारदस्त पर्याय आता सिग्नलच्या त्या लांबलचक विनोदी प्रतिशब्दापुरता उरला आहे.

शिवाय खरी वाफ दिसतच नाही. धुरांड्यातून निघणारा पांढरा लोट म्हणजे वाफ थिजून झालेले पाण्याचे थेंब. बघणाऱ्याला दिसायचा तो भट्टीतला जाळ आणि रात्री उडणाऱ्या ठिणग्या.

पण यंत्राच्या अंगानेही ‘आग’ हेच नाव चपखल आहे. सुरुवातीच्या इंजिनांची मोठी अडचण होती ती जाळाची. कारखान्यातल्या बॉयलरला उंच धुरांडे बांधले की हवा आपोआप ओढली जाते. चाकांवरच्या इंजिनाला तेवढे उंच धुरांडे कुठून आणणार? साउथ वेल्समधल्या पेनीडॅरन इथे रिचर्ड ट्रेव्हिथिकच्या इंजिनाने २१ फेब्रुवारी १८०४ रोजी १० टन लोखंड आणि सुमारे ७० माणसे चार तासांत नऊ मैलांहून थोडी जास्त ओढून नेली. त्याने सिलिंडरमधला दट्ट्या (पिस्टन) ढकलून झालेली वाफ धुरांड्यात सोडली आणि जाळ भडकला. वाफेचा झोत वर जाताना भट्टीतला धूर सोबत ओढतो, त्या जागी निखाऱ्यांतून ताजी हवा येते. मात्र ओतीव लोखंडाचे रूळ इंजिनाच्या वजनाने मोडू लागले आणि प्रयोग तिथेच थांबला.

दुसरी अडचण: जाळ भडकला तरी त्याची उष्णता पाण्यात उतरायला हवी. १८२९च्या रेनहिल शर्यतीत जिंकलेल्या स्टीफन्सनांच्या ‘रॉकेट’ इंजिनात भट्टीचा तापलेला धूर बॉयलरच्या पाण्यातून नेायला एका जाड नळीऐवजी ३ इंच व्यासाच्या, ६ फूट लांबीच्या २५ तांब्याच्या नळ्या होत्या. हिशेब करून पाहा. २५ नळ्यांच्या तोंडांचे क्षेत्रफळ १५ इंची एका नळीएवढेच. पण पाण्याला लागणारा पत्रा त्या एका नळीत साडेतेवीस चौरस फूट, आणि २५ नळ्यांत जवळजवळ ११८. धुराला वाट तेवढीच, तापणारा पृष्ठभाग पाचपट. नळ्यांची कल्पना हेन्री बूथ यांची होती.

झोताचेही प्रमाण साधावे लागते. धुरांड्यात वाफ सोडणारी तोटी फार अरुंद केली तर दट्ट्यावर उलटा दाब येतो आणि अर्धवट जळालेला कोळसा धुरांड्यातून बाहेर फेकला जातो. फार रुंद ठेवली तर जाळ मंदावतो. धुरांड्याखालच्या स्मोकबॉक्सचे दार नीट बसले नसेल तर हवा तिथूनच शिरते, भट्टीतून ओढली जात नाही, आणि कितीही कोळसा टाकला तरी वाफेच्या दाबाचा काटा चढत नाही. इंजिन उभे असताना झोत नसतोच, म्हणून पुढे ब्लोअर आला: बॉयलरमधली ताजी वाफ बारीक तोटीतून थेट धुरांड्यात. रेग्युलेटर, म्हणजे सिलिंडरकडे वाफ सोडणारी झडप, बंद करण्याआधी ब्लोअर उघडायला विसरले तर, विशेषतः बोगद्यात, भट्टीचा जाळ उलटा ड्रायव्हरच्या अंगावर येऊ शकतो.

आता झुकझुक. ती म्हणजे हाच झोत. दट्ट्याला दोन्ही बाजूंनी आळीपाळीने वाफ मिळते, म्हणून चाकाच्या एका फेऱ्यात एका सिलिंडरचे दोन फुत्कार. दोन सिलिंडरांच्या इंजिनात एका बाजूचा क्रँक (दट्ट्याच्या ये-जा करण्याने चाक फिरवणारा भाग) दुसऱ्याच्या पाव फेरा पुढे असतो, म्हणून एकूण चार, सारख्या अंतराने. १.८ मीटर व्यासाचे चाक ताशी १० किलोमीटरने फिरले तर सेकंदाला साधारण दोन ठोके पडतात. ६० वर गेले की बारा, आणि ते कानाला वेगवेगळे ऐकू येत नाहीत. म्हणजे स्पष्ट ‘झुक, झुक’ ही स्टेशनातून निघणाऱ्या किंवा चढण चढणाऱ्या गाडीचीच. तीन सिलिंडरांच्या इंजिनाचे ठोके बहुधा सहा.

जाणकार फिटर हे ठोके मोजत नाही, ऐकतो. चारांतला एक दबका किंवा लंगडा पडला तर सिलिंडरमध्ये वाफ आत-बाहेर सोडणाऱ्या व्हॉल्व्हची वेळ चुकली आहे, नाहीतर वाफ कुठेतरी गळते आहे.