वीस वर्षं नोकरी झाल्यावर जमातीचा दावा अवैध ठरला, तर शिक्षकाची नोकरी जाते का?

जाते.

तुम्ही लिहिलंय की सौ. २००४ मध्ये अनुसूचित जमातीच्या राखीव जागेवर शिक्षिका म्हणून लागल्या, जमात पडताळणी समितीने आता दावा अवैध ठरवला, आणि एवढी सेवा झाल्यावर कोर्ट सांभाळून घेईल का. त्या भरवशावर राहू नका. मिलिंद प्रकरणात (२०००, हलबा-कोष्टींच्या जमातीच्या दाव्याचं) सर्वोच्च न्यायालयाने तोवर कायम झालेले प्रवेश आणि नेमणुका मोडल्या नव्हत्या. तो निकाल पुढे करून लोक सतरा वर्षं संरक्षण मागत राहिले. जुलै २०१७ मध्ये जगदीश बहिरा प्रकरणात ते दार बंद झालं. शिवाय पडताळणीचा कायदा ऑक्टोबर २००१ पासून लागू आहे, म्हणजे तुमच्या सौ. कायदा आल्यानंतर लागल्या. त्यात सेवा किती झाली हे कोणी विचारत नाही. दावा अवैध, लाभ परत.

आता माझं. मी महादेव कोळी. आजोबा त्र्यंबककडच्या एका पाड्यावरचे, मी मात्र जन्मापासून पंचवटीत. वडील एसटीत ड्रायव्हर. ‘दोन्हीकडून एसटी’ हा विनोद आमच्या स्टाफरूममध्ये निदान तीनदा झालाय, आणि तिन्ही वेळा मी हसलोय. २००६ ला एका अनुदानित शाळेत गणिताला लागलो. दाखला होता, व्हॅलिडिटीचा, म्हणजे जमात वैधता प्रमाणपत्राचा, प्रस्ताव गेला, त्रुटीची पत्रं आली, उत्तरं गेली, पुन्हा पत्रं. २०१८ ला बारा वर्षं भरली तेव्हा बरोबरच्यांना वरिष्ठ वेतनश्रेणी मिळाली, माझ्या फाइलवर ‘वैधता सादर करावी’.

मग समितीचं दक्षता पथक चौकशीला आलं. तुमचं कुलदैवत कोणतं? मी म्हटलं, खंडोबा. अर्ध्या महाराष्ट्राचं उत्तर. वाघबारसला, वाघाच्या पूजेच्या सणाला, काय करता? मला तेव्हा माहीत नव्हतं. ड्रायव्हर कॉलनीत कुठला वाघ यायचा? बोहाडा, म्हणजे मुखवट्यांच्या सोंगांचा उत्सव, लहानपणी एकदा पाहिलेला, त्यातली सोंगंही धड आठवेनात. अहवालात आलं, आप्तभाव, म्हणजे जमातीच्या चालीरीतींशी नातं, दिसून येत नाही. भरीला चुलत आजोबांच्या शाळेच्या जनरल रजिस्टरात नुसतं ‘हिंदू कोळी’. तेवढ्यावर २०१९ मध्ये माझाही दावा अवैध.

हो, माझाही. म्हणून तुमच्या प्रश्नावर थांबलो.

कायद्याने समितीचा निर्णय अंतिम, त्यावर फक्त हायकोर्टात रिट. नाशिकवाल्यांना मुंबई, धुळे-जळगावकडचे असाल तर संभाजीनगर. पहाटे नाशिकरोडहून पंचवटी एक्सप्रेस, दिवसभर कोर्टाच्या बोर्डाकडे बघत बसायचं, पाचला कळायचं की आपल्या नंबरापर्यंत पोचलेच नाहीत. रजा अर्जावर ‘घरगुती कारण’ लिहायचो. शाळेत सगळ्यांना खरं कारण ठाऊक होतं.

मला तारलं एका वहीने. तहसीलच्या रेकॉर्ड रूममध्ये गाव नमुना १४, म्हणजे जन्ममृत्यूची जुनी वही, लोक कोतवाल बुक म्हणतात ते. १९३४, आजोबांच्या बहिणीचा जन्म, मोडीत. पानाची कड वाळवीने नेलेली. मोडी वाचणारे एक निवृत्त गृहस्थ भिंग घेऊन बसले आणि थांबत थांबत म्हणाले, ‘म… हा… देव… कोळी.’ मी बाहेर जाऊन पोर्चमध्ये उभा राहिलो. प्रकरण कोर्टाने फेरविचाराला परत पाठवलं. तेवढ्यात २४ मार्च २०२३ ला आदिवासी ठाकूर जमातीच्या संघटनेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालय म्हणालं की आप्तभाव ही काही शेवटची कसोटी नव्हे, आणि स्वातंत्र्यापूर्वीच्या कागदाचं वजन जास्त. त्या दिवाळीआधी वैधता हातात आली. सतरा वर्षं. मुलीला माझ्यावरून लगेच मिळाली.

डी.एड.चा माझा एक मित्र दुसऱ्या जिल्ह्यात जिल्हा परिषदेत होता. त्याचा दावाही अवैध. डिसेंबर २०१९ च्या शासन निर्णयाने त्याच्यासारख्यांना अधिसंख्य, म्हणजे मंजूर पदांखेरीजच्या जादा, पदावर घेतलं, अकरा महिन्यांसाठी, पुढे मुदतवाढ. नाशिकच्या सीबीएस स्टँडवरच्या टपरीवर तो मला म्हणाला, ‘तू खरा आहेस, तुला कसली भीती? आणि आम्ही वीस वर्षं शिकवलं ते खोटं का?’ तेव्हा मला उत्तर सुचलं नाही, चहाचे पैसे मात्र मी दिले.

आता सांगतो. शिकवलं ते खोटं नाही रे. पण बिंदुनामावलीतला, म्हणजे आरक्षित जागांच्या यादीतला, तो बिंदू ज्यांचा होता, त्यातली एक आपल्याच वर्गात होती, पेठ तालुक्यातली, तुझ्याच यादीत प्रतीक्षेवर. ती आश्रमशाळेत रोजंदारीवर शिकवत राहिली. खऱ्याला भीती नसते म्हणतोस? तुमच्यासारख्यांमुळेच माझ्या प्रत्येक कागदाकडे संशयाने बघितलं गेलं. ‘दाखला प्रांतानेच दिला, माझा काय दोष’ हेही ऐकवू नकोस. जमात सिद्ध करायची जबाबदारी कायद्याने दावा करणाऱ्यावर टाकली आहे.

तुमच्या सौ.ना मी यात ओढत नाहीये. अवैध म्हणजे बोगस असं नसतं, हे माझ्याइतकं कोणाला कळणार. मी वकील नाही आणि तुमची फाइल पाहिलेली नाही, त्यामुळे रिट टाकण्याआधी पडताळणीची कामं करणाराच वकील गाठा. सेवासमाप्तीचा आदेश यायची वाट बघू नका, स्थगिती आधी मागा. अर्जात ‘एवढी वर्षं सेवा’ हे रडगाणं कमी आणि कागद जास्त. ६ सप्टेंबर १९५० पूर्वीचे, वडिलांकडच्या रक्तनात्यातले. आत्याचा दाखला चालतो, लोक नेमका तोच शोधत नाहीत. भावकीत कोणाला वैधता मिळाली असेल तर भांडण मिटवून आधी त्याच्याकडे जा.

मोडीचा कागद निघाला तर इथेच लिहा. आमचे ते गृहस्थ मोतीबिंदूनंतर वाचत नाहीत, पण त्यांनी तयार केलेला एक मुलगा आहे. पानाप्रमाणे पैसे घेतो, वाचतो मात्र चोख.