वाचकांचे प्रश्न : मांत्रिकाचे चरित्र कोठे शोधावे?

प्रश्न : परभणी जिल्ह्यातील मानवत येथे 1972 ते 1974 या काळात झालेल्या हत्याकांडात एका मांत्रिकाचे नाव पुढे आले होते. त्याच्या आयुष्याचा अभ्यास ठाण्यात राहून कसा सुरू करावा?
– एक वाचक, नौपाडा, ठाणे

उत्तर : सर्वोच्च न्यायालयाचा ‘दगडू विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ हा 1977 मधील निकाल सर्वांत आधी वाचावा. गुप्तधन आणि अपत्यप्राप्तीसाठी नरबळी, हा सरकार पक्षाचा दावा त्यात तपशिलाने येतो; मात्र माफीच्या साक्षीदाराच्या जबानीला स्वतंत्र पुष्टी हवी, या कसोटीवर न्यायालयाने पुरावा पारखला असल्याने, जबानीत आलेली प्रत्येक गोष्ट चरित्रातील घटना म्हणून उतरवून घेऊ नये. (मांत्रिकाविषयीच्या दंतकथा बहुधा इथूनच फुटतात.) मूळ जबान्या आणि पंचनामे पाहायचे असतील, तर परभणीच्या सत्र न्यायालयात सबळ कारण देऊन अर्ज करावा लागेल, एवढ्या जुन्या प्रकरणाची कागदपत्रे जतन आहेत का, ही चौकशी त्याआधी करावी.

त्या काळची वृत्तपत्रे व नियतकालिके यांसाठी 1893 मध्ये स्थापन झालेल्या ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयात विचारणा करावी. बालपण आणि घराणे शोधताना खरी अडचण येईल, कारण 1948 पर्यंत परभणी निजामाच्या राज्यात असल्याने तिथले जुने महसुली दप्तर बरेचसे उर्दूत आहे; जाणकार वाचक सोबत घ्यावा. जादूटोणाविरोधी कायदा 2013 चा आहे, त्यामुळे त्याची कलमे या खटल्यात शोधू नयेत. हयात नातेवाइकांची नावे त्यांच्या संमतीखेरीज छापू नयेत.