देवाचा आवाज कोण काढणार?

प्रश्न : सुट्टीत आजीबरोबर २०१४ चा 'नोआ' पाहिला. जलप्रलयातून तारू बांधून वाचलेल्या बायबलमधल्या नोहाची गोष्ट आम्हा नातवंडांना तिनेच सांगितलेली. दगडी राक्षस तारू बांधायला लागले तशी ती कुरकुरली आणि शेवटी नोहा दारू पिऊन उघडा पडलेला दाखवला तेव्हा उठूनच गेली. दिग्दर्शकाला इतकी मोकळीक असावी का? (एक नातू)

उत्तर : आजींना हळूच सांगा, दारूचा प्रसंग अस्सल आहे. बायबलच्या पहिल्या पुस्तकाचा, उत्पत्तीचा नववा अध्याय उघडा : नोहा द्राक्षमळा लावतो, पितो आणि डेऱ्यात उघडा पडतो. मुलांना गोष्ट सांगताना आपण सगळेच इंद्रधनुष्यापाशी थांबतो, त्यामुळे पुढचं पान कुणी वाचतच नाही. राक्षसांनाही थोडा आधार आहे. सहाव्या अध्यायात नेफिलीम येऊन जातात, अगदी ओझरते. स्वर्गातून उतरलेले 'पहारेकरी' हनोखाच्या नावावर असलेल्या प्राचीन यहुदी ग्रंथात भेटतात. त्यांना दगडाचं अंग मात्र दिग्दर्शक डॅरेन ॲरोनॉफ्स्कीने दिलं.

राक्षसांबद्दल माझी काही तक्रार नाही. खरा बदल गुपचूप झालाय आणि तो सुनांचा आहे. उत्पत्तीत नोहाच्या तिन्ही मुलांच्या बायका तारवात चढतात. चित्रपटात फक्त शेमला बायको आहे, तीही वांझ समजली गेलेली. पुढे तिला जुळ्या मुली होतात आणि माणसाचा वंश संपावा हीच देवाची इच्छा आहे असं धरून बसलेला नोहा नातींवर सुरी धरून उभा राहतो. तीन सुना तारवात असत्या तर हा प्रसंग उभाच राहिला नसता.

हे बायबलच्या बाहेरचं म्हणायचं की बायबलचंच वाचन? मला दुसरं वाटतं. जलप्रलय येऊन ओसरेपर्यंत उत्पत्तीतला नोहा एक शब्द बोलत नाही. देव सांगतो आणि तो करतो. त्याचं पहिलं वाक्य येतं ते दारू उतरल्यावर, आणि तो शाप आहे! अब्राहाम सदोम नगर वाचवायला देवाशी पन्नास नीतिमानांपासून दहापर्यंत घासाघीस करतो. इथे अख्खं जग बुडतंय आणि हा गप्प. यहुदी भाष्यकारांनाही हे गप्प राहणं फार पूर्वीपासून टोचत आलंय. ॲरोनॉफ्स्कीने तिथेच बोट ठेवलं.

पुस्तकाला 'नोहाने तसे केले' एवढं म्हणून पुढे जाता येतं. पडद्यावर मात्र तसं करणाऱ्याला चेहरा लागतो, अंगावर कापड लागतं, बायकोशी बोलायला दोन वाक्यं लागतात. भर पडणारच. ती कुठे घातली, मूळ गोष्ट जिथे गप्प आहे तिथे की जिथे ती स्पष्ट बोलली आहे तिथे, एवढं मी बघते.

मी स्वतःही या पापातून सुटलेली नाही. डबिंगच्या संहिता लिहिण्यात माझं आयुष्य गेलं. मागे येशूच्या चरित्रावरची एक मालिका मराठीत करत होते. शिष्यांनी येशूला 'आपण' म्हणायचं ठरलं होतं. येशूला पुढे धरून देणाऱ्या शिष्याचं, यहूदाचं एक वाक्य आलं, त्यात नटाचे ओठ मिटतच नव्हते, आणि 'आपण'मधल्या 'प'ला ओठ मिटावे लागतात. म्हणून 'तू' लिहिलं. मधेच खटकायला नको म्हणून त्याच्या आधीच्या वाक्यांतही 'तू' करून टाकलं. झालं! अकरा जण भक्त आणि एकटा यहूदा मित्र, असा अर्थ माझ्या हातून होऊन बसला. मूळ ग्रीकमध्ये समोरच्या एका माणसाला एकच 'तू', मग तो सुभेदार असो की घरातलं पोर. एका 'प'पायी मी एवढी भर घातली. ॲरोनॉफ्स्कीला कुठल्या तोंडाने बोलू?

प्रश्न : 'बेन-हर'मध्ये येशूचा चेहरा एकदाही दिसत नाही. सेन्सॉरची भीती होती का?

उत्तर : भीतीचा इतिहास आहे. ब्रिटनच्या सेन्सॉर मंडळाचे सुरुवातीचे ठाम नियम दोनच होते : नग्नता नको आणि ख्रिस्त सदेह नको. पण १९५९ च्या 'बेन-हर'मध्ये विल्यम वायलरने चेहरा लपवला तो आवडीने. नासरेथचा प्रसंग परत लावून बघा. साखळदंडातला बेन-हर तहानेने कोसळलाय, 'याला पाणी नाही' असा हुकूम सुटलाय. एक हात पाणी घेऊन येतो. रोमन अधिकारी ओरडतो. पाणी देणारा उठून त्याच्याकडे वळतो. आपल्याला दिसतात फक्त पाठ आणि केस. अधिकारी बघत राहतो, चुळबुळतो, नजर काढून घेतो, पुन्हा बघतो, आणि मुकाट्याने बाजूला होतो. येशूचा चेहरा कसा होता हे बायबलमधल्या चारही शुभवर्तमानांत, म्हणजे त्याच्या चरित्रांत, कुठेच नाही. वायलरने ती जागा तशीच राखली आणि त्या चेहऱ्याचा परिणाम तेवढा दाखवला. साध्या शिपाईगड्याचं काम करणाऱ्या नटाकडून असं काम करून घेणं सोपं नाही.

चेहरा दाखवायचाच असेल तर १९२७ चा 'द किंग ऑफ किंग्ज' बघा. सेसिल डिमिलने येशूचं पहिलं दर्शन एका आंधळ्या मुलीच्या नजरेतून दिलंय. आधी अंधार, मग धूसर उजेड, आणि उजेडातून हळूहळू चेहरा. तिला दिसायला लागतं तेव्हाच आपल्यालाही तो दिसतो. त्यानंतरचा डिमिल मला जरा भपकेबाज वाटतो, पण या एका जागेसाठी सगळं माफ.

प्रश्न : येशूवरचा सर्वांत चांगला चित्रपट नास्तिकाने काढला, असं तुम्ही मागे लिहिलं होतं. श्रद्धाच नसेल तर कसं जमेल?

उत्तर : इटालियन दिग्दर्शक पिएर पाओलो पासोलिनीबद्दल लिहिलं होतं, आणि अजून माझं मत तेच आहे. मार्क्सवादी माणूस. १९६२ साली असिसीत असताना पोप येणार म्हणून गावात गर्दी उसळली, तो खोलीत अडकून पडला आणि तिथलं शुभवर्तमान वाचत बसला. १९६३ मध्ये एका लघुपटात धर्माची विटंबना केली म्हणून त्याला शिक्षा झाली, आणि १९६४ मध्ये मत्तयाच्या शुभवर्तमानावरचा त्याचा चित्रपट आला, पोप तेविसावे जॉन यांच्या स्मृतीला अर्पण केलेला! संवाद मत्तयाचेच. येशू झालाय एक स्पॅनिश विद्यार्थी, ज्याने आधी अभिनय केलेला नव्हता. क्रुसाखालची म्हातारी मरिया म्हणजे पासोलिनीची स्वतःची आई.

सुरुवातच बघा. एका मुलीचा चेहरा. मग एका पुरुषाचा चेहरा. पुन्हा ती, आणि आता तिचं पोट दिसतं. कोणी काही बोलत नाही. योसेफ वळतो आणि चालू लागतो. मरिया लग्नाआधीच गरोदर आहे, हे मत्तयाने एक-दोन वाक्यांत सांगितलेलं संकट, तितक्याच काटकसरीने.

आता मेल गिब्सनचा २००४ चा 'द पॅशन ऑफ द ख्राइस्ट' घ्या. माणूस श्रद्धावान, भाषा अरामी आणि लॅटिन, थाट सगळा अस्सलपणाचा. पण फटक्यांचा प्रसंग शुभवर्तमानात एखाद्या वाक्यात उरकतो. इथे तो संपता संपत नाही. कित्येक तपशील १८३३ मध्ये छापल्या गेलेल्या, ॲना काथारिना एमरिक या जर्मन जोगिणीच्या दृष्टान्तांतले. गिब्सनच्या श्रद्धेबद्दल मला शंका नाही. पण सांगणाऱ्याने जिथे आवाज खाली घेतला, तिथेच त्याने चढवला. पासोलिनीकडे श्रद्धा नव्हती, म्हणूनच बहुधा त्याने मजकुराला हात लावायचं धाडस केलं नाही. मत्तयाचं ऐकायचं आणि तेवढंच दाखवायचं, असा त्याचा खाक्या.

प्रश्न : देवाचा आवाज कसा ठरवतात?

उत्तर : भांडून. १९५६ च्या 'द टेन कमांडमेंट्स'मध्ये जळत्या झुडपातून येणारा देवाचा आवाज मोशे झालेल्या चार्लटन हेस्टनचाच आहे, संथ आणि खोल केलेला. १९९८ च्या 'द प्रिन्स ऑफ इजिप्त' या ॲनिमेशनपटातही मोशे आणि देव दोघांचा आवाज व्हाल किल्मरचाच, पण तो जवळून आल्यासारखा, हलका. २०१४ मध्ये रिडली स्कॉटने तर देवाच्या वतीने एक चिडका पोरगा बोलता केला.

माझ्या वाट्याला ते झुडूप एकदा आलं. मी कलाकाराला माइकच्या जवळ बसवलं आणि कानात सांगितल्यासारखं बोलायला लावलं. बायबलमधल्या एलीया संदेष्ट्याच्या गोष्टीत देव वाऱ्यात नसतो, भूकंपात नसतो, अग्नीतही नसतो. त्यानंतर मंद वाणी ऐकू येते, तसं. निर्मात्यांनी एकदा ऐकलं आणि म्हणाले, "बाई, हा देव नाही वाटत, शेजारी वाटतोय." मग घुमारा घातला. तो भाग पुन्हा कधी लागला तर त्या ठिकाणी मी टीव्हीचा आवाज कमी करते.