पडक्या भिंती, जांभळे खडे

प्रश्न: काका, आम्ही दोघं ऑगस्टमध्ये इग्वासूचा धबधबा बघायला जातोय. मुलगी साओ पावलोला असते, तिने अर्जेंटिनाच्या बाजूला पुएर्तो इग्वासूत हॉटेल घेतलंय. एका दिवसासाठी गाईडबरोबरची सहल आहे: सान इग्नासिओ इथले जेझुइट (ख्रिस्ती पाद्रींचा एक संघ) मिशनचे अवशेष आणि वांडाच्या रत्नांच्या खाणी. पहाटे निघायचं, रात्री परत. ह्यांचं म्हणणं असं की जुन्या गोव्याच्या शेजारी जन्म गेला, आता पडकी इगर्ज बघायला अर्जेंटिनाला कशाला जायचं? तुम्ही जाऊन आलात म्हणून विचारते. दोघंही साठीच्या पुढची आहोत. — एक वाचक भगिनी, मडगाव

उत्तर: यजमानांना माझा नमस्कार सांगा. जुन्या गोव्याच्या शेजारी राहिलेल्या माणसालाच तिथे जास्त दिसतं, हेही सांगा.

आमच्या बसमधली बाकीची मंडळी कोरीव दाराचे फोटो काढून सावली शोधायला गेली. मी भिंतीजवळ उभा राहून दगडांच्या सांध्यांत चुना शोधत होतो. तो नाहीच! त्या भागात चुनखडी हाताशी नव्हती, म्हणून तांबड्या वालुकाश्माचे घडीव दगड मातीत बसवून भिंती उभ्या केल्या. चर्चच्या भिंती चांगल्या दोन मीटर जाड, लांबी सुमारे ७४ मीटर. आपल्याकडे उलट. चिरा (जांभा दगड) मऊ आणि सच्छिद्र, पण शिंपल्यांचा चुना मुबलक. गिलावा टिकला तोवर चिरा टिकला. जुन्या गोव्यातल्या मोन्ती सांतो टेकडीवरचा सेंट ऑगस्टीनचा ४६ मीटरचा मनोरा आठवा: १८३५ साली साधूंना हाकललं, १८४२ मध्ये छताची कमान कोसळली, १९३१ मध्ये दर्शनी भाग आणि अर्धा मनोरा खाली आला. मालक गेला, गिलावा गेला, पाऊस शिरला. सान इग्नासिओचंही दुखणं तेच, फक्त पावसाच्या जागी जंगल धरा. तिथे एक झाड आहे, त्याने दगडी खांब अख्खा पोटात घेतलाय. आता बाहेरून खोड दिसतं आणि फटीतून दगड.

इतिहास थोडक्यात सांगतो, कारण गाईड तो घाईत सांगतो. १६१० मध्ये ही वसाहत आताच्या ब्राझीलच्या हद्दीत, ग्वायरा भागात सुरू झाली. साओ पावलोकडून गुलाम पकडायला टोळ्या यायच्या (तुमची मुलगी राहते तिथूनच, तिला सांगा). त्यांच्या धाडींमुळे १६३१ च्या सुमारास हजारो ग्वारानी (तिथले मूळ रहिवासी) लोक पाद्रींबरोबर तराफ्यांवरून पराना नदीतून खाली सरकले. १६४१ मध्ये म्बोरोरेच्या लढाईत ग्वारानींनीच त्या टोळ्यांना बंदुका घेऊन मार दिला. आताच्या जागी गाव बसलं ते १६९६ मध्ये. मधोमध चौक, एका बाजूला चर्च, पाद्रींचं घर, शाळा, कामाच्या कोठ्या आणि दफनभूमी, उरलेल्या तीन बाजूंना ग्वारानी कुटुंबांच्या घरांच्या रांगा. विधवा आणि अनाथांसाठी वेगळं घर. अशी ३० गावं होती आणि १७३२ च्या सुमारास त्यांत मिळून १ लाख ४० हजारांच्या आसपास माणसं. प्रत्येक गावात पाद्री बहुधा दोनच. १७६७ मध्ये स्पेनच्या राजाने जेझुइटांना हाकललं. गोव्यातून पोर्तुगालने त्यांना १७५९ मध्येच काढलं होतं. पुढे १८१७ च्या धामधुमीत ही गावं जाळली, लुटली गेली. १९४० च्या दशकात सान इग्नासिओची डागडुजी झाली, १९८४ मध्ये जागतिक वारसा यादीत नाव लागलं. आपल्या चर्चांचं १९८६ मध्ये.

आमच्या गाईडने ह्या सगळ्याचं रामराज्य करून सांगितलं. शेती सामाईक, संगीत, व्हायोलिन, सगळे सुखी. गोंयकाराने एवढं गोड ऐकून घेऊ नये. ग्वारानी तिथे आले कारण बाहेर एकीकडे स्पॅनिश जमीनदारांची वेठ होती आणि दुसरीकडे गुलामांचे व्यापारी. आत आल्यावर कामही घंटेवर आणि प्रार्थनाही घंटेवर. देवळं पाडलेल्या आणि इन्क्विझिशन भोगलेल्या प्रदेशातून तुम्ही जाताय, तेव्हा बेधडक विचारा: नको म्हणणाऱ्याचं काय व्हायचं? आमच्या गाईडने हसून विषय बदलला, तुमचा कदाचित उत्तर देईल. पण दुसरी बाजूही सोडू नका. तिथल्या जेझुइटांनी ग्वारानीतच शिकवलं आणि १७०० च्या सुमारास जंगलात स्वतः छापखाना उभारून त्या भाषेत पुस्तकं छापली. आज ती शेजारच्या पाराग्वेची राजभाषा आहे. इकडे भारतातला पहिला छापखाना १५५६ मध्ये जुन्या गोव्यात सेंट पॉल कॉलेजात आला खरा, पण १६८४ मध्ये व्हाइसरॉयने फर्मान काढलं की लोकांनी कोकणी सोडून पोर्तुगीज बोलावं. छापखाना दोन्हीकडे जेझुइटांचाच, पण भाषेचे दोन किनाऱ्यांवर दोन निकाल. मला ती सहल ह्याच कारणासाठी आवडली.

आता व्यवहाराचं. पुएर्तो इग्वासूहून सान इग्नासिओ २४० किलोमीटरच्या पुढे. रस्ता चांगला (राष्ट्रीय मार्ग १२, दोन्ही बाजूंना पाइनची लागवड आणि येर्बा माते म्हणजे तिथल्या चहाचे मळे), तरी जायला साडेतीन तास धराच. वांडा वाटेवर, इग्वासूपासून ४५ किलोमीटरच्या आसपास. म्हणजे खाण जवळ आणि अवशेष लांब. आयोजकाला एकच गोष्ट विचारा: अवशेषांत आत किती वेळ? दोन तासांपेक्षा कमी सांगितलं तर दुसरा आयोजक बघा. आमच्या सहलीत खाणीच्या दुकानात जास्त वेळ गेला आणि दगडी दारासमोर कमी. त्या दुकानाचं कमिशन कोणाकोणाच्या खिशात जातं ते आपल्याला कळंगुटमध्ये राहून समजत नाही असं थोडंच आहे!

साठीच्या पुढचं शरीर सात तास बसमध्ये बसायला तयार नसेल तर दुसरा मार्ग आहे. पोसादासकडे जाणारी साधी बस घ्या, सान इग्नासिओला उतरा, तिथेच रात्र काढा. रात्री अवशेषांत दिव्यांचा आणि आवाजाचा कार्यक्रम असतो. दुसऱ्या दिवशी जवळच्या सांता आना किंवा लोरेतोला टॅक्सीने जा. तिथे जंगल अजून पुरतं हटवलेलं नाही आणि माणूस क्वचित दिसतो. खाण परतीच्या वाटेवर जमली तर बघा, नाही जमली तर हरकत नाही. ऑगस्ट तिथे हिवाळा, सकाळी स्वेटर लागेल. पांढरे बूट मात्र घालू नका. तिथली माती आपल्या डिचोलीसारखी तांबडी, धुऊन निघत नाही.

प्रश्न: वांडात पुष्कराज स्वस्त मिळतो असं ऐकलं. भाच्याला ज्योतिषाने पुष्कराज सांगितलाय. नवरा कामानिमित्त तिकडे जातोय, त्याला आणायला सांगू का? — एक वाचक, फोंडा

उत्तर: नका सांगू. वांडाच्या खाणीत अ‍ॅमेथिस्ट म्हणजे जमुनिया, अकीक, जास्पर आणि पारदर्शक स्फटिक निघतो. हे सगळे क्वार्ट्झचे, म्हणजे गारगोटीचे भाऊबंद. तिथे ‘तोपासिओ’ म्हणून पिवळा खडा पुढे करतात तोही बहुधा पिवळा क्वार्ट्झच. सराफाकडचा पुष्कराज म्हणजे पिवळा नीलम, कुरुंद जातीचा. दोन्ही खडे वेगळे, किमतीत तर जमीन-अस्मानाचा फरक. शिवाय जांभळा अ‍ॅमेथिस्ट भट्टीत तापवला की पिवळा होतो, आणि बाजारातला पुष्कळसा पिवळा माल असाच तयार होतो. तापवणं हा काही गुन्हा नाही, पण भाव देताना ते माहीत असावं.

मी आयुष्य खनिजांच्या प्रयोगशाळेत घालवलं, म्हणून खाणीबद्दल दोन शब्द जास्त. पराना खोऱ्यात सुमारे १३ कोटी ४० लाख वर्षांपूर्वी लाव्हा पसरला, दक्षिण अटलांटिक उघडत होता त्या वेळी. थंड होताना त्यात वायूचे बुडबुडे अडकले. मग सिलिका विरघळलेलं पाणी त्या पोकळ्यांत झिरपत राहिलं. आधी कडेला अकीकाचे पट्टे बसले, मग आतल्या बाजूला टोकदार स्फटिक वाढले. फोडलेला फणस बघावा तसा तो गोटा दिसतो, वरून रुक्ष आणि आत भरलेला. जांभळा रंग येतो तो अगदी थोड्या लोहामुळे आणि दगडातल्या नैसर्गिक किरणोत्सारामुळे. मांडवीतून बार्जमध्ये भरभरून आपण जे लोखंड पाठवलं, त्याचाच कण तिथे रत्न करतो! तिथले कामगार गोट्याभोवतीचा बेसाल्ट छिन्नी-हातोड्याने हळूहळू मोकळा करतात. घाई केली तर स्फटिकांचा चुरा होतो. हे बघायला खाणीत जरूर जावं. भिंतीतच अर्धे उघडे गोटे ठेवलेले असतात.

नवऱ्याने काही आणायचंच तर लहानसा, न कापलेला जमुनियाचा तुकडा आणावा. भडक गुलाबी किंवा निळ्या अकीकाच्या चकत्या रंगवलेल्या असतात, त्या नकोत. जमुनिया खिडकीत ठेवू नका, उन्हाने फिका पडतो. आणि अकीकासाठी एवढ्या लांब जायची गरजच नाही, खंभातचे कारागीर हडप्पा काळापासून तेच करतायत. आपल्या दख्खनचा बेसाल्टही असाच, सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांचा. त्याच्या पोकळ्यांतली झिओलाइटं (एका जातीचे स्फटिक) जगभरच्या संग्रहालयांत आहेत. शिर्डीला जाताना सिन्नरचं गारगोटी संग्रहालय बघा, मग वांडाचं दुकान फार मोठं वाटणार नाही.

प्रश्न: माझे श्रावणी सोमवार असतात आणि मी शाकाहारी. त्या बाजूला सगळं मांसच खातात म्हणे. सहलीत काय खाऊ? — एक आजी, म्हापसा

उत्तर: आजी, रस्त्यावर चिपा नावाचे गरम गोळे मिळतात. टॅपिओकाच्या पिठाचे, म्हणजे आपला साबुदाणा ज्या कंदाचा होतो त्याचेच. ऐकून उपासाचे वाटतात, पण त्यात चीज आणि अंडं असतं, तेव्हा सोमवारी नको. तोच कंद तिकडे मांदिओका म्हणून उकडून किंवा तळून देतात, तो खुशाल खा. मुळात तो तिथलाच, पोर्तुगीजांनी इकडे आणला. बाकी फळं भरपूर. थाळीत काय आहे ते कळत नसेल तर ‘सिन कार्ने’, मांस नको, एवढं पाठ करा, पण त्यावर कोंबडी आली तर रागावू नका. पुष्कळांच्या लेखी कार्ने म्हणजे फक्त बीफ.

प्रश्न: ब्राझीलमधून अर्जेंटिनात एका दिवसासाठी गेलं तर कागदपत्रांची काही भानगड? — एक वाचक, वास्को

उत्तर: आहे. भारतीय पासपोर्ट असेल तर साधारणपणे दोन्ही देशांचे व्हिसा लागतात, आणि परत ब्राझीलमध्ये यायचं तर ब्राझीलचा व्हिसा एकाहून जास्त प्रवेशांचा हवा. घरात कोणाचा पोर्तुगीज पासपोर्ट असेल तर त्याला हा त्रास नाही, मग रांगेत तुम्ही एकटेच अडकता. दुसरं म्हणजे पीतज्वराची लस. ह्या देशांतून परतताना भारतात प्रमाणपत्र मागतात, नसेल तर सहा दिवसांपर्यंत विलग ठेवू शकतात. लस प्रवासाच्या किमान दहा दिवस आधी हवी. तुम्ही वास्कोचे, मुरगाव बंदराचं आरोग्य कार्यालय दारातच आहे; लसीचा वार आधी फोनवर विचारून जा. लसीच्या प्रमाणपत्राचं पिवळं पुस्तक पासपोर्टबरोबरच ठेवा.

प्रश्न: सर, मी साखळीच्या शाळेत शिकवतो. अर्जेंटिना परवडत नाही, पण मुलांना अवशेष आणि खाण अशी एका दिवसाची सहल गोव्यातच घडवता येईल का? — एक शिक्षक

उत्तर: रत्नांची खाण गोव्यात नाही. लोहखनिजाच्या खाणी २०१२ आणि २०१८ ला बंद पडल्या, आता लिलावानंतर काही सुरू झाल्यात, पण तिथे कंपनीच्या लेखी परवानगीशिवाय मुलांना नेऊ नका. ट्रकांच्या रस्त्यावर तर मुळीच नाही. त्यापेक्षा एखाद्या चिऱ्याच्या खाणीच्या मालकाशी बोला. चिरा कसा कापतात हे कडेवरून दाखवा, आणि मग तोच चिरा मोन्ती सांतोवरच्या ऑगस्टीनच्या मनोऱ्यात दाखवा. मोठ्या मुलांना जॉर्जियाच्या राणी केतेवानची गोष्ट सांगा: तिच्या अस्थींचे अवशेष ह्याच पडक्या मठात सापडले, हैदराबादच्या प्रयोगशाळेत डीएनए तपासला गेला आणि २०२१ मध्ये ते जॉर्जियाला सुपूर्द झाले. तिथून सेंट पॉल कॉलेजची उरलेली कमान. छापखान्याचं तिथेच बोला, रस्त्याच्या कडेला उभं राहावं लागतं म्हणून मुलांची रांग सांभाळा. शेवटी पुरातत्त्व खात्याचं म्युझियम. ते शुक्रवारी बंद असतं, तेव्हा तो वार सोडून बस ठरवा.