खर्च महिन्याचा, पाकिटाचा नव्हे

प्रिय मुली,

तू ठेवून गेलेली वही रात्री पुन्हा पाहिली. अक्षर नेटकं, बेरजा बरोबर आणि निष्कर्ष साफ चुकीचा. 'ऑक्टोबरात चकलीचं पाकीट 74 रुपयांना पडलं, 90 ला विकलं तरी 16 सुटतात' असं लिहून तू त्या घाऊक दुकानदाराला सगळा माल वर्षभर 90 नी द्यायला निघालीस. वर शेजारचा गाळाही घ्यायचा म्हणतेस. कष्ट कर, धीर सोडू नकोस, हे पहाटे उठून भाजणीची उकड काढणाऱ्या मुलीला मी सांगायला नको. ते 74 आले कुठून, एवढंच पाहू.

भाजणी, तेल, गॅस, पिशवी आणि चकल्या पाडणाऱ्या बायकांची पाकिटावरची मजुरी मिळून 64 रुपये. हा बदलता खर्च तू बरोबर काढलास. गाळ्याचं भाडं 13,000, कामाला असलेल्या ताईंचा पगार 15,000, यंत्राचा हप्ता 5,600, वीजबिलातला स्थिर आकार, इंटरनेट आणि बाकी किरकोळ 2,400. झाले 36,000. ऑक्टोबरात 3,500 पाकिटं गेली, म्हणून प्रत्येकाच्या वाट्याला दहा रुपये आले आणि तू खूश झालीस. जानेवारीत 1,300 गेली. तेव्हा वाट्याला जवळपास 28 येतात, पाकीट 92 ला पडतं. तोच गाळा, त्याच ताई, तीच भाजणी, आणि पाकिटाची किंमत एकदा 74, एकदा 92! असं होतं, कारण तू जे वाटायचंच नाही ते वाटत बसलीस. स्थिर खर्च महिन्याचा असतो, पाकिटाचा नव्हे.

माझी नोकरी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये झाली, हे तुला ठाऊक आहे. तिथे एमडीएफ नावाची उंच लोखंडी चौकट असायची. प्रत्येक ग्राहकाची तांब्याच्या तारांची जोडी तिच्यावर यायची. तिथून ती जमिनीखालच्या केबलमधून रस्त्यावरच्या कॅबिनेटात जायची, मग पिलरला, मग डीपीवर म्हणजे घराजवळच्या जोडणीच्या पेटीवर आणि डीपीवरून घरात. घरातली माणसं महिनाभर गावाला गेली तरी ती जोडी त्यांच्याच नावावर. एक्स्चेंजच्या बॅटरीचे 48 व्होल्ट तिच्यावर असायचेच, म्हणून तर घरची वीज गेली तरी फोन चालायचा. आता मला सांग, ती तार कुठल्या कॉलची? कुठल्याच नाही. ती महिन्याची. म्हणून बिलात भाडं वेगळं आणि कॉलचे युनिट वेगळे असत. पण भाडं कमी ठेवायचं आणि तारेचा खर्च एसटीडीच्या, म्हणजे परगावच्या कॉलच्या, महाग दरांतून भरून काढायचा, असं वर्षानुवर्षं चाललं. 1999 मध्ये दूरसंचार नियामक ट्रायच्या आदेशाने ते हळूहळू सरळ करायला सुरुवात झाली. तोवर मोबाइल आलेच होते. 2006 मध्ये तर एक रुपयात देशभर कुठेही मिनिटभर बोलता येऊ लागलं. कॉलच्या दरात दडवलेला तारेचा खर्च तेव्हा उघडा पडला. कॉल निघून गेले, तारा जमिनीतच राहिल्या. तू पाकिटाच्या दरात गाळ्याचं भाडं दडवते आहेस, ते हेच.

लॉकडाउन आठव. 2020 च्या मार्चअखेर राज्याच्या वीज नियामक आयोगाने उद्योगांचा आणि दुकानांचा स्थिर आकार तीन बिलांपुरता पुढे ढकलला. ढकलला, माफ केला नाही. यंत्रं बंद, वापर शून्य, आकार उभाच.

आणि तू तर गणितवाली आहेस! दहावीला दोन चलांतली रेषीय समीकरणं आलेख कागदावर काढलीस ना? मग x म्हणजे पाकिटं आणि y म्हणजे महिन्याचे रुपये धरून y = 64x + 36,000 ही खर्चाची रेषा काढ. x शून्य असताना ती आरंभबिंदूतून निघत नाही, Y-अक्षावर 36,000 उंचीवरून निघते. ते 36,000 कुठल्याही x ला चिकटलेले नाहीत. आता तुझ्या सध्याच्या शंभरच्या भावाची y = 100x काढ. दोन्ही रेषा 1,000 पाकिटांवर छेदतात. प्रत्येक पाकीट 36 रुपये आणून टाकतं, हजाराव्या पाकिटाला महिन्याचं देणं फिटतं, पुढचे 36 तुझे. तुझ्या नेहमीच्या 1,300 ला 10,800 उरतात. भाव 90 केलास की पाकीट 26 च आणतं, छेदनबिंदू 1,385 वर सरकतो आणि त्याच 1,300 पाकिटांवर महिन्याला 2,200 चा तोटा होतो. तुझ्या वहीत मात्र पाकिटामागे सोळा रुपये नफा दिसत राहील. याचीच मला भीती वाटते.

दुकानदार वाईट माणूस नाही. 1,300 पाकिटं शंभरनेच जात असतील आणि वर तो लेखी हमी देऊन आणखी 500 नेत असेल, तर 90 नी जरूर दे. हात मोकळे असताना ते 26 रुपये वरकड आहेत. पण तो सगळाच माल मागतोय आणि नगाचा आकडा कागदावर घालत नाही.

आता गाळा. डेन्मार्कमध्ये एर्लांग नावाचा गणिती कोपनहेगनच्या टेलिफोन कंपनीत होता. किती कॉल आले तर किती लाइनी लागतील, याचं सूत्र त्याने 1917 मध्ये मांडलं. एक्स्चेंजची क्षमता दिवसातल्या सर्वांत गर्दीच्या तासावर ठरते. रात्री तीनला त्यातल्या बहुतेक लाइनी रिकाम्या असतात, खर्च तेवढाच. आम्हाला इलाज नव्हता, कॉल साठवता येत नाही. चकली येते! दिवाळीआधी पंधरा दिवस घाणे काढायला सुरुवात कर, हवाबंद डब्यांत भर, उरलेलं काम बचत गटाला पाकिटाच्या दराने दे. गर्दी महिनाभराची असताना नवा गाळा आणि नवं यंत्र मिळून दरमहा 22,000 बारा महिने कशाला अंगावर घेतेस? मग शंभरच्या भावानेही 1,612 पाकिटं गेल्याशिवाय सुटका नाही.

माझा एक मित्र होता. जूनमधली प्रवेशाची गर्दी बघून त्याने झेरॉक्सच्या दुकानासाठी मुख्य रस्त्यावर दुप्पट गाळा आणि तीन मशिनं घेतली. मला भागीदारीला बोलावलं. मी आकडे मांडून दाखवले आणि नाही म्हणालो. 'एका कॉपीमागे किती पैसे सुटतात ते बघ की,' असं तो म्हणत राहिला. नोव्हेंबरात कॉप्याच नव्हत्या. पुढे हप्त्यांपायी गावचं शेत गेलं. त्याचं वाईट मला आजही वाटतं. पण नातेवाइकांत अजून मीच भित्रा ठरतो, 'टेलिफोनवाल्याची नोकरदार बुद्धी' म्हणतात. म्हणोत. धंद्यातली हिंमत भाव ठरवताना आणि माल चांगला ठेवताना दाखवावी. भाडेकरारावर सही करायला हिंमत लागत नाही, पेन लागतं. मी तेव्हाही बरोबर होतो, आणि आज तुला तेच सांगताना माझा आवाज चढत असेल तर चढू दे.

एक मात्र करू नकोस. स्थिर खर्च कमी करायचा म्हणून ताईंना पगारावरून पाकिटावर नेऊ नकोस. 'त्याही बदलत्या खर्चात टाकू का?' असं तू समासात लिहिलंयस. तुझ्या वहीतले ते 15,000 म्हणजे त्यांच्या घरचं भाडं आणि मुलाची फी आहे. त्यांचं देणंही महिन्याचं आहे, पाकिटाचं नव्हे. दिवाळीत तुझा घाणा सांभाळला तो त्यांनीच. त्यांचा पगार 36,000 मध्येच राहू दे आणि तो निघेल असा भाव लाव.

गाळेमालकाला सोमवारी उत्तर द्यायचंय ना? त्याआधी रविवारी ये. गेल्या बारा महिन्यांची पाकिटं महिन्यागणिक लिहून आण, नुसता ऑक्टोबर नको. दुकानदाराकडून नगांची हमी लेखी माग. देत नसेल तर भाव शंभरच सांग. आणि आलेख कागद आण, माझ्याकडचे संपलेत.

तुझा,
काका