खुर्ची कुठे आहे, ते आधी विचार

पोरी,

दोन्ही कामं सहायक संकलकाचीच, मग जास्त पैसे देणारी मालिका का नको, असं विचारतेस. कारण तिथे तुझी पाळी संध्याकाळी सुरू होणार आणि संकलक तेव्हा घरी निघालेला असणार. चित्रपटावर पैसे कमी, पण खुर्ची त्याच्या शेजारी. संकलनाच्या खोलीत बस.

५०७ तासांची धास्ती कळते. बारा महिन्यांत तेवढे तास काम भरलं नाही तर 'अँतेर्मितां'चा, म्हणजे फ्रान्समधल्या सुटी कामं करणाऱ्या चित्रपट-नाटकवाल्यांचा, बेकारी भत्ता हुकतो. पण आठ तासांचा दिवस धरला तर ते ६४ दिवस होतात. म्हणून सहीआधी विचार: कराराचे आठवडे किती? रशेस, म्हणजे रोजचं कच्चं चित्रण, लावून झाले की नारळ देणार, की कट पक्का होईपर्यंत ठेवणार? पहिलं उत्तर आलं तर भांड. जमलं नाही तर कट पक्का होईपर्यंत निदान आठवड्यातून दोन दिवस तरी मागून घे.

फिल्म हाताने कापली जायची तेव्हा खोलीत बसायला मिळेल का, हा प्रश्नच नव्हता. उरलेले तुकडे हुकांना टांगायला, मागितलेली दोन फ्रेम शोधून द्यायला सहायक हाताशीच लागायचा. फ्रेंच दिग्दर्शक त्रुफोच्या चित्रपटांवर यान ददे हा आन्येस गियमो या संकलिकेचा सहायक होता. १९७१ मध्ये तो त्रुफोचा मुख्य संकलक झाला. मार्तीन बाराके ददेची सहायक होती. १९८० पर्यंत ती खुर्ची तिच्याकडे आली. ला फेमिस या पॅरिसच्या चित्रपटशाळेची चार वर्षं उत्तमच, पण ही साखळी वर्गात नव्हे, खोलीत जुळली. संगणक आला आणि सहायक दाराबाहेर गेला. निर्मात्यांचे पैसे वाचले, आणि आम्ही जुनी मंडळी गप्प बसलो. बोलून काय फरक पडला असता म्हणा! तरी बोलायला हवं होतं.

खोलीत नुसतं बसूनही चालत नाही. हातचं काम चोख नसेल तर दुसऱ्या दिवशी बाहेर. चित्र-ध्वनी जुळवताना सुरुवातीचा क्लॅप जुळला म्हणून टेक सोडू नको. लांब टेकच्या शेवटी पुन्हा ओठ बघ. ध्वनी सेकंदाला २४ फ्रेमचा आणि प्रोजेक्ट चुकून २३.९७६ वर असेल, तर दहा मिनिटांत सुमारे १४ फ्रेम सरकतात. सुरुवातीला काही कळत नाही, शेवटी पात्र तोंड मिटून बोलतं. टीव्हीसाठी सेकंदाला २५ फ्रेम मागितले तर १०० मिनिटांचा चित्रपट ९६ चा होतो; निर्मितीवाल्यांना ते आधीच सांगून ठेव.

हे सकाळीच उरक. मग बघ. संकलक कुठे कापतो ते कुणालाही दिसतं. कापल्यावर तीन फ्रेम परत कुठे जोडतो ते बघ. बहुतेकदा नटाच्या श्वासासाठी. तो श्वास ऐकू यायचा तर फ्रेंच कानात मुरायला हवी, उपशीर्षकांवर ते भागत नाही. दिग्दर्शक म्हणतो, 'हा प्रसंग लांबतोय.' संकलक मात्र त्याच्या आधीचा प्रसंग छाटतो. का, ते तिथे विचारू नको, दिग्दर्शक गेल्यावर विचार. पहिल्या ढोबळ कटाला फ्रेंचमध्ये 'ऊर्स' म्हणतात, म्हणजे अस्वल. ते अस्वल पाहताना पडद्याकडे कमी, संकलक खुर्चीत कधी हलतो त्याकडे जास्त बघ.

मालिकेवाल्यांना आजच नाही कळव. आणि चित्रपटवाल्यांना विचार, संकलक रशेस पाहतो तेव्हा तुला आत बसू देईल का. काय म्हणतात ते लगेच लिही.