मूकपटांतले चोर-पोलीस विनोदी सिनेमे: पहिला कुठला बघावा?

तुम्ही विचारलंय की मूकपटांच्या काळातले चोर-पोलिसांच्या पळापळीचे विनोदी सिनेमे आज बघवतात का, आणि बघायचेच तर सुरुवात कुठून करावी. बघवतात, आणि पोट धरून हसवतात. सुरुवात मूकपटांतला विनोदी नट-दिग्दर्शक बस्टर कीटनच्या 'द गोट'पासून करा. १९२१चा आहे, अर्ध्या तासाच्या आत संपतो.

बरेच जण आधी कीस्टोन स्टुडिओच्या फिल्ममधले पोलीस बघायला सांगतील. विनोदपट काढणाऱ्या मॅक सेनेटचा हा स्टुडिओ १९१२ साली लॉस एंजेलिसमध्ये सुरू झाला. एका गाडीत कोंबलेले आणि वळणावर धडाधड रस्त्यावर पडणारे ते हवालदार धमाल आहेतच. पण कोण कुणामागे का धावतंय, याच्याशी तिथे फारसं कुणाला देणंघेणं नसतं, त्यामुळे दोन-तीन फिल्ममध्ये मन भरतं. शिवाय ही गंमत त्यांच्या आधी फ्रान्समध्ये होऊन गेली होती. पाथे कंपनीच्या १९०७च्या एका लघुपटात खाटकाकडचं मटण पळवणाऱ्या कुत्र्यामागे पोलिसांची फौज धावते, आणि शेवटी कुत्राच त्यांना पिटाळून लावतो!

कीटनने या पळापळीला कारण दिलं. 'द गोट'मध्ये एका खुन्याचा पोलीस रेकॉर्डसाठी फोटो काढायचा असतो. बाहेरून जाणारा बस्टर सहज खिडकीचे गज धरून आत डोकावतो. खुनी नेमका तेव्हा खाली वाकतो, कॅमेऱ्याचं बटण स्वतःच दाबतो आणि लगेच लेन्सवर टोपी टाकतो. झालं! खुनी पळाल्यावर गावभर पोस्टर लागतात, त्यावर गजांआडचा बस्टर. एका शब्दाचीही गरज पडत नाही. पुढे तो ज्या मुलीकडे जेवायला जातो तिचे वडील कोण निघतात, ते सांगत नाही. शेवटचा लिफ्टचा प्रसंग मात्र अजिबात चुकवू नका.

त्यानंतर कीटनचाच १९२२चा 'कॉप्स' लावा. पोलिसांची परेड चालू असताना वरून बॉम्ब येऊन पडतो, आणि आपला गडी त्याच्या जळत्या वातीवर आधी सिगारेट पेटवून घेतो. मग अख्ख्या शहराचं पोलीस दल त्याच्या मागे लागतं.

एकच काळजी घ्या. हे सिनेमे हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यावर काढलेले आहेत, त्यामुळे बऱ्याच जुन्या कॉप्या चुकीच्या वेगाने, नको तितक्या भरभर पळतात. म्हणून रिस्टोअर केलेलीच कॉपी शोधा.